‘स्क्रिप्ट सुरक्षित आहे’ या दाव्याला उत्तर

विंडोज आणि ऑफिस पैसे न भरता ‘ॲक्टिव्हेट’ करून देणाऱ्या स्क्रिप्टांची बाजू हल्ली मोठ्या आत्मविश्वासाने मांडली जाते. पूर्वी क्रॅक वापरणाऱ्याला आपण धोका पत्करतो आहोत एवढे तरी ठाऊक असे. आजचा युक्तिवाद निराळा आहे. स्क्रिप्टचा कोड सर्वांसमोर उघडा आहे, जाणकारांनी तो वाचलेला आहे, तो कोणाची फाइल पळवत नाही, अँटिव्हायरस उगाच ओरडतो आणि खुद्द मायक्रोसॉफ्टही त्याला फारसे अडवत नाही. मग भीती कसली, असे विचारले जाते. कॉम्प्युटर दुरुस्तीच्या दुकानात, वसतिगृहाच्या खोलीत, तालुक्याच्या गावातल्या कर सल्लागाराच्या कार्यालयात हे बोलणे कानावर येते. त्यातली काही विधाने खरी आहेत, म्हणूनच ते पटते. पण त्या खऱ्या विधानांच्या टेकूवर उभा केलेला निष्कर्ष चुकीचा आहे. स्क्रिप्टमध्ये काय लिहिले आहे एवढ्यापुरता हा धोका मर्यादित नाही. ती चालवण्यासाठी वापरणाऱ्याला जी कृती करावी लागते, त्या कृतीतच तो आहे.

ती कृती समजण्यासाठी आधी परवान्याची यंत्रणा पाहावी लागते. एखाद्या बँकेत किंवा विद्यापीठात शेकडो संगणक असतात. प्रत्येकावर वेगळी की टाकत बसणे आणि प्रत्येकाने मायक्रोसॉफ्टच्या सर्व्हरशी स्वतंत्र संपर्क साधणे गैरसोयीचे असते. म्हणून विंडोज व्हिस्टापासून संस्थांसाठी ‘की मॅनेजमेंट सर्व्हिस’ म्हणजे केएमएस ही सोय आली. संस्थेच्या अंतर्गत नेटवर्कमध्ये एक यजमान सर्व्हर बसवायचा, तो मायक्रोसॉफ्टकडून अधिकृत करून घ्यायचा आणि बाकीच्या संगणकांनी १६८८ क्रमांकाच्या पोर्टवर त्याच्याकडेच परवाना मागायचा, अशी ती रचना आहे. निदान २५ संगणकांची मागणी आल्याशिवाय यजमान होकार देत नाही; सर्व्हर आवृत्त्या आणि ऑफिससाठी हा आकडा ५ आहे. होकार १८० दिवस टिकतो आणि संगणक दर ७ दिवसांनी त्याचे नूतनीकरण करू पाहतो. अशा संगणकांवर टाकायच्या सर्वसाधारण की मायक्रोसॉफ्टनेच जाहीर केलेल्या आहेत, कारण यजमानाशिवाय त्यांचा काही उपयोग नसतो.

अनधिकृत ॲक्टिव्हेटरांची पहिली मोठी पिढी याच रचनेवर उभी राहिली. केएमएसपिको, केएमएसऑटो आणि त्यांची भावंडे संगणकातच एक बनावट यजमान उभा करतात. जाहीर की टाकली जाते, रजिस्ट्रीतल्या यजमानाच्या नावाच्या जागी बनावट यजमानाचा पत्ता बसतो आणि विंडोजने विचारलेल्या प्रश्नाला तो खोटा यजमान ‘होय, २५ संगणक आहेत’ असे उत्तर देतो. विंडोज ८.१ पासून संगणकाने स्वतःलाच यजमान मानण्याला आडकाठी आली. मग या साधनांनी आभासी नेटवर्क कार्डाचा ड्रायव्हर बसवणे किंवा परवाना तपासणाऱ्या प्रक्रियेत आपली डीएलएल (इतर प्रोग्रॅम वापरतात ती कोडाची फाइल) घुसवणे असे मार्ग काढले. होकार १८० दिवसांचाच असल्यामुळे तो पुन्हा पुन्हा मिळवण्यासाठी एक शेड्यूल्ड टास्क कायमचा बसवला जातो. दुसरा एक प्रकार इंटरनेटवरच्या कोणा अनोळखी केएमएस सर्व्हरचा पत्ता घालतो. त्यात परवान्याच्या विनंतीबरोबर संगणकाचे नाव आणि त्याचा ओळख-क्रमांक ठरावीक दिवसांनी त्या सर्व्हरकडे जात राहतो. तो सर्व्हर कोण चालवतो, हे वापरणाऱ्याला कधीच कळत नाही.

पुढच्या पिढीने डिजिटल परवान्याची फट शोधली. २९ जुलै २०१५ पासून वर्षभर विंडोज ७ आणि ८ वापरणाऱ्यांना विंडोज १० फुकट देण्यात आले. त्यासाठी प्रत्येक संगणकाच्या हार्डवेअरवरून एक खूण तयार होई, जुने विंडोज अस्सल असल्याचा दाखला एका छोट्या प्रोग्रॅमकडून काढला जाई आणि तो मायक्रोसॉफ्टच्या सर्व्हरवर नोंदला जाई. स्क्रिप्टांनी त्याच प्रोग्रॅमकडून खोटा दाखला मिळवण्याची युक्ती काढली. असा परवाना मायक्रोसॉफ्टच्याच नोंदीत जात असल्यामुळे तो विंडोज पुन्हा टाकले तरी टिकतो. तिसऱ्या पद्धतीने केएमएसच्या होकाराची मुदत १९ जानेवारी २०३८ पर्यंत ताणली. १ जानेवारी १९७० पासून मोजलेले सेकंद ३२ बिटांच्या आकड्यात ज्या दिवशी मावेनासे होतात, तो हा दिवस. ही वाट २०२५ च्या अखेरीस विंडोजच्या अद्यतनांनी बंद पाडली. ऑफिससाठीची पद्धत आणखी सरळ आहे. परवान्याची विचारणा ज्या डीएलएलकडे जाते, त्याच नावाची दुसरी डीएलएल ऑफिसच्या फोल्डरमध्ये ठेवायची आणि तिने प्रत्येक वेळी ‘परवाना आहे’ असे सांगायचे. २०२५ मध्ये तर विंडोज आपली परवान्याची माहिती ज्या संरक्षित साठ्यात ठेवते, त्या साठ्यातच थेट लिहिण्याची पद्धत पुढे आली.

या कामात तांत्रिक कौशल्य आहे, ते नाकारण्याचे कारण नाही. पण या सगळ्या पद्धतींना समान असलेली गोष्ट महत्त्वाची आहे. प्रत्येकीला ॲडमिनिस्ट्रेटरचे अधिकार लागतात आणि प्रत्येक पद्धत विंडोजच्या विश्वासाच्या यंत्रणेत हात घालते. खऱ्या डीएलएलच्या जागी आपली ठेवणे, प्रणालीच्या प्रक्रियेत कोड घुसवणे, न दिसणारा टास्क बसवणे ही सगळी तंत्रे मालवेअर लिहिणारेही रोज वापरतात. हेतू वेगळा असेल. बाहेरून पाहणाऱ्याला कृती तीच दिसते.

आता पहिला दावा: कोड उघडा आहे, म्हणून तो सुरक्षित आहे. सध्या सर्वांत प्रसिद्ध असलेला स्क्रिप्टांचा संच खरोखरच खुला आहे आणि त्याच्या मूळ रूपात मालवेअर सापडल्याचे कोणी दाखवलेले नाही. हे मान्य करूनच पुढे जायला हवे. पण या दाव्यात दोन वेगळ्या गोष्टींची सरमिसळ होते. संकेतस्थळावर वाचायला ठेवलेला कोड ही एक गोष्ट. एखाद्या संगणकावर विशिष्ट क्षणी चाललेला कोड ही दुसरी. वापरणारा ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून पॉवरशेल उघडतो आणि एक ओळ चिकटवतो किंवा टाइप करतो. त्या ओळीचा पहिला भाग सांगतो, ‘या पत्त्यावरून जे मिळेल ते आण’. दुसरा भाग सांगतो, ‘जे आले ते चालव’. मध्ये कोणीही काहीही वाचत नाही. पत्त्यामागच्या सर्व्हरने ब्राउझरमधून पाहणाऱ्याला एक मजकूर आणि पॉवरशेलला दुसरा मजकूर द्यायचे ठरवले, तर त्याला कोणतीही अडचण नाही, कारण विचारणारा कोण आहे हे विनंतीतच कळते. एका देशाला स्वच्छ आणि दुसऱ्याला दूषित असेही देता येते. काल वाचलेला कोड आज येईलच, याची हमी त्या ओळीत नसते.

काही स्क्रिप्टा मुख्य फाइल उतरवल्यावर तिचा हॅश, म्हणजे तिच्या मजकुरावरून काढलेला ठसा, पडताळून पाहतात, हे उत्तर यावर दिले जाते. तो हॅश लिहिलेला असतो पहिल्या स्क्रिप्टमध्ये, आणि पहिली स्क्रिप्ट येते त्याच पत्त्यावरून. ज्याच्या हाती तो पत्ता जाईल, त्याच्या हाती हॅशही जाईल. वाटेत खराब झालेली फाइल या पडताळणीने पकडली जाते. पत्त्याचा ताबा घेतलेला चोर पकडला जात नाही.

या एका ओळीने आणखी एक गोष्ट होते. ब्राउझरने उतरवलेल्या फाइलवर विंडोज ‘इंटरनेटवरून आलेली’ अशी खूण करते आणि त्या खुणेमुळे स्मार्टस्क्रीनची सूचना येते. येथे ब्राउझर फाइल उतरवतच नाही. पहिला मजकूर थेट मेमरीत येऊन चालतो. त्यामुळे ती खूणही नाही आणि ती सूचनाही नाही. पॉवरशेलचे स्क्रिप्ट चालवण्याविषयीचे धोरण फाइलींना लागू होते, म्हणून तेही आड येत नाही. उरतो एक पहारा: विंडोज १० पासून पॉवरशेल चालवायचा मजकूर आधी डिफेंडरसारख्या अँटिव्हायरसला दाखवते. ‘आधी डिफेंडर बंद करा’ ही अशा मार्गदर्शनांतली नेहमीची पहिली पायरी नेमका तोच पहारा उठवते.

‘हजारो जणांनी वाचला आहे’ या विधानाचीही किंमत तपासली पाहिजे. हा कोड हजारो ओळींचा आहे, बॅच आणि पॉवरशेल एकमेकांत मिसळलेले आहेत, आणि काही ठिकाणी डीएलएल सांकेतिक मजकुराच्या रूपात आतच ठेवलेल्या आहेत. वापरणाऱ्यांपैकी तो पूर्ण वाचणारा विरळा. खुल्या कोडाच्या जगात यापेक्षा कितीतरी अधिक डोळ्यांखालून जाणाऱ्या गोष्टीतही मागचे दार बसवता आले आहे. मार्च २०२४ मध्ये लिनक्सच्या असंख्य प्रणालींत असलेल्या एक्सझेड या संकुचन-साधनात असे दार सापडले. ते बसवणाऱ्याने सुमारे दोन वर्षे निष्ठेने काम करून सांभाळकर्त्याचा विश्वास मिळवला होता. ते दार पूर्ण रूपात फक्त वितरणाच्या पॅकेजमध्ये होते. लोक जेथे कोड वाचतात त्या भांडारात ते चालू करणारा दुवा नव्हता. आन्द्रेस फ्रॉइंड या अभियंत्याला दूरच्या संगणकावर लॉगिन होताना सुमारे अर्ध्या सेकंदाचा विलंब खटकला, म्हणून ते उघडकीस आले. त्या प्रकल्पाला नाव होते, इतिहास होता. टोपणनावाने चालणाऱ्या आणि ज्याच्या लेखकांवर कायद्याची टांगती तलवार आहे अशा प्रकल्पाकडून त्याहून अधिक खात्री मिळते, असे मानायला आधार नाही.

मूळ लेखक पूर्णपणे प्रामाणिक आहेत असे धरले, तरी पत्ता हाताने टाइप होतो. डिसेंबर २०२५ मध्ये याच प्रसिद्ध संचाच्या पत्त्यातले एकच अक्षर गाळून कोणीतरी दुसरा पत्ता नोंदवून ठेवल्याचे उघड झाले. घाईत अक्षर सुटलेल्या लोकांच्या संगणकांवर कॉस्माली नावाचा लोडर, म्हणजे इतर मालवेअर आणणारा प्रोग्रॅम, उतरला आणि त्याच्यामागून कूटचलन खणणारी साधने आणि एक्सवर्म हे दूरनियंत्रणाचे हत्यार आले. बऱ्याच जणांना याचा पत्ता लागला तो पडद्यावर अचानक ‘तुमचा संगणक बाधित आहे’ असा संदेश उमटल्यावर. तो संदेश आला नसता, तर त्यांना कळण्याचे काही कारण नव्हते: त्यांनी ॲडमिनिस्ट्रेटरचे अधिकार स्वतः दिले होते. मूळ स्क्रिप्ट निर्दोष असणे त्यांच्या काहीच कामी आले नाही. धोका स्क्रिप्टच्या मजकुरात शोधणाऱ्यांनी या घटनेचे उत्तर दिले पाहिजे.

दुसरा दावा अँटिव्हायरसविषयी आहे. मायक्रोसॉफ्टला आपला धंदा सांभाळायचा आहे, म्हणून डिफेंडर या साधनांना मुद्दाम व्हायरस म्हणतो, असे सांगितले जाते. यातही सत्याचा अंश आहे. डिफेंडर बहुतेकदा त्यांना ‘हॅकटूल’ या वर्गात टाकतो, आणि त्या वर्गाचा अर्थ ‘हे चोरी करणारे मालवेअर आहे’ असा होत नाही. पण याचा परिणाम काय होतो ते पाहावे. वापरणाऱ्याला आधीच सांगितले जाते की इशारा येईल आणि तो खोटा असेल. मग त्याच पॅकेजमध्ये खरा ट्रोजन असला तरी इशारा तसाच दिसतो, आणि माणूस तो ठरल्याप्रमाणे बाजूला सारतो. अपराध्याला याहून सोयीची परिस्थिती क्वचितच मिळते. गिऱ्हाईक स्वतः अँटिव्हायरस बंद करून, फोल्डर तपासणीतून वगळून आणि ‘होय, चालव’ म्हणून बटण दाबून वाट पाहत असते. काम झाल्यावर डिफेंडर पुन्हा चालू केला जातो. वगळलेल्या फोल्डरची नोंद मात्र तशीच राहते, आणि पुढे त्या फोल्डरमध्ये काहीही येऊन पडले तरी त्याची तपासणी होत नाही.

ही केवळ शक्यता नाही. डिसेंबर २०२१ मध्ये रेड कॅनरी या सुरक्षा कंपनीने केएमएसपिकोच्या नावाने फिरणाऱ्या इन्स्टॉलरमधून क्रिप्टबॉट पसरत असल्याचे दाखवले. तो ब्राउझरमधली माहिती आणि कूटचलनाची पाकिटे चोरतो. त्याच इन्स्टॉलरमधून खरा केएमएसपिकोही बसत होता, विंडोज ‘ॲक्टिव्हेट’ होत होते, आणि त्यामुळेच कोणाला संशय येत नव्हता. फेब्रुवारी २०२५ मध्ये एक्लेक्टिकआयक्यू या संस्थेने प्रसिद्ध केलेल्या विश्लेषणानुसार रशियाच्या लष्करी गुप्तचर यंत्रणेशी जोडला जाणारा सँडवर्म हा गट युक्रेनमधल्या वापरणाऱ्यांना टोरेंटवरून बनावट केएमएस ॲक्टिव्हेटर पुरवत होता. त्यातला लोडर आधी डिफेंडरच्या तपासणीतून आपल्यासाठी फोल्डर वगळून घेई आणि मग डार्क क्रिस्टल नावाचे दूरनियंत्रणाचे साधन आणे. युक्रेनच्या सरकारी कार्यालयांतही परवान्याविना विंडोज वापरण्याचे प्रमाण मोठे आहे, हे हेरूनच तो सापळा रचला होता. परराष्ट्राच्या लष्कराला दुसऱ्या देशाच्या कारभारात शिरण्यासाठी फुकटच्या ॲक्टिव्हेटरइतके स्वस्त दार सापडावे, ही गोष्ट कोणत्याही सरकारी खात्याच्या संगणक विभागाने गांभीर्याने घ्यावी अशी आहे.

दक्षिण कोरियाच्या पोलिसांनी उलगडलेले प्रकरण तर सामान्य माणसाच्या अधिक जवळचे आहे. एप्रिल २०२० ते जानेवारी २०२३ या काळात केएमएसऑटोच्या वेशातले मालवेअर जगभरात सुमारे २८ लाख संगणकांपर्यंत पोचले. ते एकच काम करी. वापरणाऱ्याने कूटचलनाच्या खात्याचा लांबलचक पत्ता कॉपी केला की पेस्ट होताना तेथे चोराचा पत्ता येई. संशयित लिथुआनियाचा नागरिक निघाला आणि २०२५ मध्ये त्याला जॉर्जियातून कोरियात आणण्यात आले. संगणक मंद झाला नाही, पडद्यावर काही दिसले नाही. ‘मी दोन वर्षे वापरतो आहे, काही झाले नाही’ असे सांगणाऱ्यांचा अनुभव आणि या लाखो लोकांचा अनुभव चोरी होईपर्यंत अगदी सारखाच होता. म्हणून तो अनुभव पुरावा ठरत नाही.

‘आम्ही मूळ जागेवरूनच घेतो’ असे म्हणणाऱ्यांना मूळ जागा कोणती, हे विचारले पाहिजे. केएमएसपिकोची ‘अधिकृत’ म्हणवणारी संकेतस्थळे शोधयंत्रात ढिगाने येतात. विकत घेतलेल्या सॉफ्टवेअरवर निर्मात्याची डिजिटल सही असते आणि विंडोज ती तपासते. येथे सही नाही, जबाबदार नाव नाही, तक्रार करायला दार नाही. शोधात वर आलेले पान वर आले ते लोकप्रियतेमुळे की कोणी पैसे मोजून आणले म्हणून, हेही कळत नाही.

यापुढचा दावा नेहमी हसत केला जातो: आमच्या संगणकात चोरण्यासारखे आहे तरी काय? आणि पैशांना ओटीपी लागतोच की. हा गैरसमज सर्वांत महाग पडणारा आहे. आजचे माहितीचोर मालवेअर पासवर्डच्या मागे जेवढे असते, तेवढेच ब्राउझरच्या कुकीच्या मागे असते. एकदा लॉगिन झाल्यावर ‘हा माणूस ओळखलेला आहे’ असे सांगणारी खूण कुकीत राहते. ती उचलून दुसऱ्या संगणकावर ठेवली, की बऱ्याच सेवा ना पासवर्ड विचारतात ना ओटीपी. ईमेल गेले की त्या ईमेलवर अवलंबून असलेल्या सगळ्या खात्यांचे पासवर्ड बदलता येतात. लुम्मा या एकाच माहितीचोराने १६ मार्च ते १६ मे २०२५ या दोन महिन्यांत ३ लाख ९४ हजारांहून अधिक विंडोज संगणक बाधित केल्याचे मायक्रोसॉफ्टने त्याच्याविरुद्धच्या कारवाईच्या वेळी जाहीर केले. क्रॅक केलेले सॉफ्टवेअर ही त्याच्या प्रसाराची एक ठरलेली वाट होती.

आणि चोरण्यासारखे काही नसले, तरी गमावण्यासारखे असतेच. स्टॉप किंवा डीजेव्हीयू या नावाने ओळखला जाणारा रॅन्समवेअर वर्षानुवर्षे क्रॅक, कीजेन आणि ॲक्टिव्हेटर यांच्यातूनच पसरला. मोठ्या कंपन्यांच्या तो मागे लागत नसे. घरातला संगणक, फोटो स्टुडिओ, डीटीपीचे दुकान, विद्यार्थ्याचा प्रबंध हे त्याचे भक्ष्य. मागणी ९८० डॉलरची, पहिल्या ७२ तासांत भरल्यास ४९० ची. ऑक्टोबर २०१९ मध्ये एम्सिसॉफ्टने १४८ प्रकारांसाठी मोफत उलगडणारे साधन दिले. पण नव्या प्रकारांत ज्या संगणकासाठी सर्व्हरवरून वेगळी किल्ली आली, तेथल्या फाइली त्या किल्लीशिवाय उघडत नाहीत. लग्नाचे फोटो गमावलेल्या स्टुडिओला त्या गिऱ्हाइकापुढे उभे राहावे लागते. तेव्हा ऑफिसच्या परवान्यात वाचलेले पैसे हिशेबात धरता येत नाहीत.

कर सल्लागार, लेखापाल, वकील, डॉक्टर यांच्याबाबत तर ‘आमचा संगणक’ हा शब्दप्रयोगच अपुरा आहे. त्या संगणकात शेकडो लोकांचे पॅन, आधार, बँकेचे उतारे, आजारांच्या नोंदी असतात. जीएसटीचे पोर्टल उघडे असते, डिजिटल सहीचे टोकन यूएसबीला लावलेले असते. अनोळखी कोडाला ॲडमिनिस्ट्रेटर करण्याचा निर्णय तेथे एक माणूस घेतो आणि धोका मात्र ज्यांना विचारलेलेच नाही त्यांच्यावर येतो. हा आपला आपण पत्करलेला धोका म्हणता येत नाही.

मायक्रोसॉफ्टच्या मूक संमतीचा दावा राहिला. या दाव्याला पुरावे भरपूर दिले जातात. प्रसिद्ध स्क्रिप्टा गिटहबवर आहेत आणि गिटहब २०१८ पासून मायक्रोसॉफ्टच्या मालकीचे आहे. १९९८ मध्ये बिल गेट्स यांनी वॉशिंग्टन विद्यापीठात चीनविषयी बोलताना असा आशय मांडला होता की, लोक चोरणारच असतील तर त्यांनी आमचेच चोरावे. पुढे कधीतरी वसुलीचा मार्ग सापडेल. २०२३ मध्ये दक्षिण आफ्रिकेतल्या एका ग्राहकाचे विकत घेतलेले विंडोज चालू होईना, तेव्हा मायक्रोसॉफ्टच्या मदतकेंद्राच्या माणसाने दूरनियंत्रणाने त्याच्या संगणकावर अशीच स्क्रिप्ट चालवली. तिन्ही गोष्टी खऱ्या आहेत. त्यांतून कंपनी घरगुती वापरणाऱ्यांच्या मागे लागत नाही, एवढे सिद्ध होते. एखाद्या कृतीसाठी खटला होत नाही म्हणून ती कृती निर्धोक ठरत नाही; पहिला प्रश्न महसुलाचा आहे, दुसरा सुरक्षिततेचा. मदतकेंद्राच्या त्या माणसाने तर ग्राहकाला वाईटच सवय लावली आणि त्याचे समर्थन होऊ शकत नाही.

भारतीय कायदा याबाबत संदिग्ध नाही. कॉपीराइट कायदा, १९५७ मधील कलम ६३ ब नुसार संगणक प्रोग्रॅमची बेकायदा प्रत जाणूनबुजून वापरल्यास किमान ७ दिवस ते ३ वर्षे कैद आणि ५० हजार ते २ लाख रुपये दंड होऊ शकतो. व्यवसायासाठी वापर नसेल तर न्यायालय कैद वगळून ५० हजारांपर्यंतच्या दंडावर थांबू शकते. २०१२ च्या दुरुस्तीने आलेले कलम ६५ अ तांत्रिक संरक्षण भेदण्यालाही शिक्षा सांगते. पण कायद्याचा धाक हा या लेखाचा मुख्य आधार नाही. कायदा उद्या बदलला, तरी एका ओळीने दिलेले अधिकार तेवढेच धोकादायक राहतील.

सर्वांत वजनदार आक्षेप पैशांचा आहे आणि तो झटकून टाकणे अन्यायाचे होईल. परदेशी उत्पन्नाच्या मापाने ठरलेल्या किमती येथल्या विद्यार्थ्याला किंवा नव्याने दुकान टाकणाऱ्याला जड जातात. बीएसए या सॉफ्टवेअर उद्योगाच्या संघटनेच्या पाहणीत २०१७ साली भारतात वापरल्या जाणाऱ्या सॉफ्टवेअरपैकी ५६ टक्के विनापरवाना होते. ही पाहणी उद्योगाची स्वतःची आहे, हे लक्षात ठेवूनही प्रमाण मोठे आहे, आणि एवढे लोक केवळ अप्रामाणिकपणामुळे तसे वागतात असे म्हणणे खोटे ठरेल. पण ‘परवडत नाही’ यातून ‘म्हणून स्क्रिप्ट’ असे निघत नाही, कारण मधले पर्याय बहुतेकांना सांगितलेच जात नाहीत.

विंडोज ८ पासून नामांकित कंपन्यांच्या लॅपटॉपमध्ये विंडोजची की मदरबोर्डवरच नोंदलेली असते. लॅपटॉपच्या किमतीत परवान्याचे पैसे भरलेले असतात. असा लॅपटॉप बिघडला की दुकानदार होम आवृत्तीच्या जागी प्रो ‘टाकून देतो’ आणि ती स्क्रिप्टने चालू करतो. गिऱ्हाइकाचा पैसे भरलेला परवाना बाजूला पडतो आणि त्याला न विचारता क्रॅक मिळतो. होमच पुन्हा टाकले असते, तर इंटरनेट जोडल्यावर ते आपोआप चालू झाले असते. हा प्रकार थांबवायला एक रुपयाही लागत नाही. दुकानात ‘होमच टाका’ एवढे सांगावे लागते. ज्याच्याकडे परवाना नाहीच, त्याचे विंडोजही ॲक्टिव्हेशनशिवाय चालते: कोपऱ्यात सूचना दिसते, वॉलपेपर आणि रंग बदलण्याच्या सोयी अडतात, पण सुरक्षा अद्यतने येत राहतात. तसे वापरणे परवान्याच्या अटींत बसत नाही, ते कायमचे उत्तरही नाही. तरी ॲडमिनिस्ट्रेटरचे अधिकार अनोळखी हाती देण्यापेक्षा ते निःसंशय कमी धोक्याचे आहे. वर्ड आणि एक्सेलची ब्राउझरमधली आवृत्ती मोफत आहे. लिब्रेऑफिस मोफत आहे, त्याचे मेनू मराठीतही मिळतात, आणि अर्ज, पत्रे, हिशेबाच्या तक्त्यांसाठी ते पुरेसे आहे. जुन्या संगणकावर लिनक्स चालते. डीटीपीवाल्यांची काही साधने केवळ विंडोजवर चालतात, ही अडचण खरी आहे. त्यांनी निदान विंडोजचा परवाना घ्यावा, कारण त्यांचा धंदाच त्या संगणकावर उभा आहे.

ज्यांनी स्क्रिप्ट किंवा ॲक्टिव्हेटर आधीच चालवला आहे, त्यांच्यासाठी कामाचा क्रम महत्त्वाचा आहे. ॲक्टिव्हेटर काढून टाकल्याने काही सिद्ध होत नाही. ज्या कोडाला एकदा सर्वाधिकार मिळाले, त्याने काय काय ठेवले हे त्याच संगणकाला विचारून खात्रीने कळत नाही. डिफेंडरमधली वगळलेल्या फोल्डरांची यादी, शेड्यूल्ड टास्क आणि नोंदलेला केएमएस यजमान पाहिल्यास काही खुणा दिसतात. खुणा न दिसणे मात्र पुरेसे नाही, आणि ज्या संगणकावर पैशांचे किंवा दुसऱ्यांच्या कागदपत्रांचे काम चालते, तो कोरा करून घेणेच योग्य. त्यासाठी विंडोजची प्रत मायक्रोसॉफ्टच्या संकेतस्थळावरून, दुसऱ्या स्वच्छ संगणकावर उतरवावी. जुन्या डिस्कवरून कागदपत्रे आणि फोटो घ्यावेत, प्रोग्रॅम आणि इन्स्टॉलर घेऊ नयेत. पासवर्ड बदलायचे ते दुसऱ्या उपकरणावरून, आणि पहिला ईमेलचा. बाधित संगणकावर बसून बदललेला पासवर्ड चोराकडे नव्याने पोचतो. पासवर्ड बदलल्यावर प्रत्येक सेवेतून ‘सर्व उपकरणांवरून लॉगआउट’ करावे, म्हणजे चोरीला गेलेल्या कुकी निकामी होतात. ही पायरी बहुतेक जण विसरतात. खात्यातून पैसे गेलेले असतील तर १९३० या राष्ट्रीय सायबर हेल्पलाइनवर आणि बँकेला ताबडतोब कळवावे, कारण रक्कम पुढच्या खात्यात सरकण्याआधी ती गोठवता येण्याची शक्यता पहिल्या काही तासांतच सर्वाधिक असते.